सत्तरची रेघ

क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हटलं की लोकांना सिनेमातला कोच आठवतो आणि त्यावर आडवा पडून बोलणारा माणूस. पिंपरीत वैद्यकीय महाविद्यालयात शिकवताना आमचा बराचसा वेळ चाचणीची पेटी उघडून बसण्यात जातो. समोर आठ-दहा वर्षांचं पोर, शेजारी टिपणं घेणारी एम.फिल.ची विद्यार्थिनी आणि दाराबाहेर चाकणहून खाडा करून आलेले वडील. कंत्राटी कामगाराचा खाडा म्हणजे त्या दिवसाचा पगार बुडाला. म्हणून ते एकच विचारतात, ‘‘मॅडम, आजच होईल ना?’’

त्यांना आकडा हवा असतो. बुद्ध्यंक सत्तरच्या खाली असेल आणि रोजच्या व्यवहारातही मूल मागं पडत असेल, तर बौद्धिक दिव्यांगत्वाच्या प्रमाणपत्राची वाट मोकळी होते. २०१६ च्या कायद्यानं दिव्यांगत्वाचे प्रकार एकवीस केले, अध्ययन अक्षमताही त्यात घेतली, आणि आमच्या दारातली रांग वाढली. वाढली ते बरंच झालं.

पेटीतली साधनं मात्र जुनी. धारवाडकडच्या व्ही. व्ही. कामतांनी बिनेची चाचणी मराठी आणि कानडी मुलांसाठी बसवली. त्यांचं पुस्तक १९४० चं. नागपूरच्या ए. जे. मालिन यांनी १९६९ मध्ये वेक्सलरची मुलांची चाचणी भारतीय मुलांसाठी तयार केली, व्यवहारकौशल्याची व्हाइनलँड मोजपट्टीही आणली. शेकडो पोरांना तेच प्रश्न विचारायचे, वयागणिक उत्तरं लावायची, कोष्टकं करायची. असल्या कामाला टाळ्या मिळत नाहीत. निदान या टेबलावर तरी मला हे दोघे फ्रॉइडपेक्षा मोठे वाटतात.

पण कोष्टकं शिळी होतात. जेम्स फ्लिन यांनी दाखवून दिलं की अनेक देशांत पिढीगणिक गुण वाढत गेले. म्हणजे जुन्या कोष्टकावर आजचं मूल आहे त्याहून हुशार दिसू शकतं आणि ज्याला मदत हवी तेच रेघेच्या वर राहतं. भाषा नेमकी उलटं ओढते. चाकणजवळ निघोजे-महाळुंग्यात भाड्याच्या खोलीत राहणारं बिहारचं पोर घरी भोजपुरी बोलतं, शाळेत मराठी ऐकतं, आणि आम्ही त्याला हिंदीत विचारतो. एक चूक वर नेते, दुसरी खाली. दोन्ही मिळून बरोबर उत्तर येतं असं समजणं हा शुद्ध आळस आहे. (प्रश्न कोणते ते इथं सांगणार नाही. प्रश्न फुटले की चाचणी मेली.)

विद्यार्थ्यांना गुण मोजणं लवकर जमतं. अहवालात ‘ही चाचणी मुलाच्या घरच्या भाषेत घेतलेली नाही’ हे वाक्य लिहायला हात धजावत नाही. कागद कच्चा दिसेल असं वाटतं. मला त्या वाक्याशिवायचा अहवाल कच्चा वाटतो. आणि पीएच.डी.साठी विषय शोधत येणाऱ्यांना मी चाकणच्या जिल्हा परिषद शाळांकडे पाठवते. नवी कोष्टकं तिथल्या पोरांवरच बसवायला हवीत. बहुतेक जण ताणतणावाची प्रश्नावली घेऊन परत येतात, कारण ती सहा महिन्यांत उरकते.

तोवर आईवडिलांना एवढंच सांगणं: चाचणीच्या आदल्या रात्री मुलाला पुरेसं झोपू द्या, चष्मा किंवा कानाचं यंत्र असेल तर बरोबर आणा, आणि चाचणी कोणत्या भाषेत घेणार हे आम्हाला आधी विचारा. विचारल्याचा राग आला, तर चूक आमची.