मुक्ताला, पृष्ठक्रमांकासह

प्रिय मुक्ता,

मराठी विकिपीडियावर आपल्या गावच्या लेखात तू घातलेल्या ओळीपुढे कुणी ‘संदर्भ हवा’चा साचा लावला आणि तुझा पारा चढला, असं ताई सांगत होती. अगं, ओळ उडवून न टाकता त्यानं तुला मुदत दिली, हे सौजन्यच म्हणायचं. तू खरी आहेस की खोटी, हा प्रश्नच नाही. कुठल्याही परक्या माणसाला तुझ्यावाचून पडताळता आलं पाहिजे, एवढंच.

म्हणून संदर्भांचा ढीग लेखाच्या तळाशी घालू नकोस. ज्या विधानाचा संदर्भ, त्याच्या पूर्णविरामालाच तो जोड. ‘पाहा : कुलाबा गॅझेटियर’ म्हणजे पाकिटावर नुसतं ‘पुणे’ लिहिण्यासारखं झालं. खंड 11, वर्ष 1883 आणि मुख्य म्हणजे पान! त्यातली लोकसंख्या त्या काळची आहे, हेही वाक्यातच सांग.

तुझा दुसरा दुवा उघडला, तर त्या संकेतस्थळानं विकिपीडियाचाच मजकूर जसाच्या तसा उचललेला. हा प्रकार भल्याभल्यांना चकवतो. 2008मध्ये एका अमेरिकन विद्यार्थ्यानं इंग्रजी विकिपीडियावर कोआटी या प्राण्याला थट्टेत ‘ब्राझिलियन आर्डवार्क’ असं नाव चिकटवलं. आर्डवार्क आफ्रिकेतला, त्याचा कोआटीशी काही संबंध नाही! पण वर्तमानपत्रांनी ते नाव उचललं आणि मग तीच छापील बातमी लेखात संदर्भ म्हणून जाऊन बसली. तेव्हा लेखाचा ‘इतिहास’ उघडून बघायची सवय लाव : आधी काय आलं, बातमी की ओळ?

राहिली आजीनं सांगितलेली देवळाची हकीकत. ती आधी कुठे प्रसिद्ध झालेली नाही, म्हणून तिथे चालणार नाही. ‘असं म्हणतात’ लिहूनही सुटका नाही. कोण म्हणतं, ते लगेच विचारतील. हा नियम मला पटतो आणि खुपतोही, कारण आपल्या गावांबद्दलचं कितीतरी कधी छापलंच गेलेलं नाही. पण त्यावर उतारा विकिपीडियात नाही, बाहेर आहे. ती हकीकत आजीच्या नावानिशी नीट लिहून एखाद्या दिवाळी अंकाला पाठव. छापून आली, तरी लेखात तू स्वतः घालू नकोस; चर्चापानावर सुचव, दुसरा कुणी तपासून घेईल.

रविवारी ये. आजीला पुन्हा बोलतं करू. या वेळी मोबाइलवर ध्वनिमुद्रण कर, आणि देवळाच्या जीर्णोद्धाराचं साल तिला दोनदा विचार. दर वेळी बदलतं ते.

तुझा,
मामा