मनी का चावली?

गेल्या पावसाळ्यातील एका रविवारी मी वाईला आईकडे गेले होते. साताऱ्याहून वाई काही फार दूर नाही. पण दवाखान्याच्या व्यापातून पंधरवड्यातून एकदाच जाणे होते. आईने नेहमीप्रमाणे चहा केला आणि कप डाव्या हाताने माझ्यापुढे ठेवला. आईने कोणाला डाव्या हाताने काही दिल्याचे मला आठवत नाही. तिचा उजवा हात पदराखाली होता.

"हात बघू," मी म्हटले.

"काही नाही गं, जरा खरचटलंय."

पदर बाजूला केला तेव्हा अंगठ्याच्या मुळाशी दोन बारीक ठिपके दिसले. मोहरीच्या दाण्याएवढे, वरून बंद झालेले, हळदीने माखलेले. मात्र त्यांच्याभोवती हात लालबुंद आणि गरम झाला होता. सूज मनगटापर्यंत चढली होती आणि बोटे पूर्ण मिटत नव्हती. आदल्या दिवशी संध्याकाळी मनी चावली होती. मधल्या अठरा-वीस तासांत आईने ना मला फोन केला, ना घरकामाला येणाऱ्या मावशींना सांगितले.

मनी ही आमची भाटी. बाबांनी तिला घरी आणली तेव्हा ती तळहातावर मावत होती. त्याला अकरा वर्षे झाली. बाबा जाऊन चार वर्षे झाली. त्यांच्या वेताच्या खुर्चीवर आता मनी बसते आणि आई तिला तिथून कधी उठवत नाही. एवढे सांगितले की आईने हात का लपवला, हे वाचकांच्या ध्यानात येईल.

लहान ठिपका, मोठा धोका

त्याच संध्याकाळी आईला साताऱ्याला आणून रुग्णालयात दाखल केले. तिला वीस वर्षांपासून मधुमेह आहे. रक्तातील साखर नेहमीपेक्षा बरीच वाढलेली होती. शल्यचिकित्सकांनी जखम उघडून धुतली, शिरेतून प्रतिजैविके सुरू झाली, धनुर्वाताचे इंजेक्शन दिले, रेबीजची लस सुरू केली आणि जखमेच्या आत व भोवती रेबीजविरोधी इम्युनोग्लोब्युलिन टोचले. तीन दिवसांनी सूज उतरली. आणखी एक दिवस गेला असता तर काय झाले असते, याचा विचार मी डॉक्टर म्हणून करू शकत होते. मुलगी म्हणून तो करवत नव्हता.

कुत्र्याचा चावा दिसायला भयंकर असतो. मांजराचा दात मात्र सुईसारखा बारीक आणि लांब असतो. तो खोल जातो, तोंडातील जंतू स्नायुबंधापर्यंत किंवा सांध्यापर्यंत नेऊन सोडतो आणि वरची त्वचा लगेच मिटते. म्हणून मांजराच्या चाव्यात जंतुसंसर्ग होण्याचे प्रमाण कुत्र्याच्या चाव्यापेक्षा अधिक असते. या संसर्गास बहुधा कारणीभूत ठरणाऱ्या जंतूचे नाव आहे पाश्चुरेला. लुई पाश्चर यांच्यावरून ते पडले. याच पाश्चर यांनी १८८५ साली एका मुलाला रेबीजची लस प्रथम टोचली. म्हणजे मांजराच्या चाव्यातील दोन्ही भयांशी या एकाच शास्त्रज्ञाचे नाव जोडलेले आहे. पाश्चुरेलाचा संसर्ग फार वेगाने पसरतो. बारा ते चोवीस तासांतच सूज, लाली आणि ठणका दिसू लागतो. मधुमेही, स्टेरॉइड घेणारे, प्लीहा काढलेले रुग्ण आणि वार्धक्याने त्वचा पातळ झालेली माणसे यांनी विशेष जपावे. रक्त पातळ करणारी औषधे घेणाऱ्यांना रक्तस्रावाचाही धोका असतो.

म्हणून मांजर चावले, किंवा ओरखड्यातून रक्त आले, तर पहिले काम नळाखाली करावे. वाहत्या पाण्याने आणि साबणाने जखम पंधरा मिनिटे धुवावी. ही पंधरा मिनिटे घड्याळ लावून मोजावीत. आपल्याला वाटतात तेवढी ती लवकर संपत नाहीत. मग पोव्हिडोन आयोडिन लावावे. हळद, चुना, तिखट, तेल यांपैकी काहीही लावू नये, जखम घट्ट बांधू नये, आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडे जावे. मांजर घरातले आहे, त्याला लस दिलेली आहे, म्हणून आपण होऊन निश्चिंत राहू नये. लस घ्यावी की नाही हा निर्णय डॉक्टरांचा असतो. रेबीजची लक्षणे दिसू लागल्यावर त्यावर उपाय जवळजवळ नाहीच. लस मात्र वेळेवर घेतली तर प्राण वाचवते, आणि ती शासकीय रुग्णालयांतही मिळते.

दहा दिवसांची मुदत

आई रुग्णालयात असतानाच पुण्याहून दादा आला. तो म्हणाला, "आता ते मांजर घरात नको. कोणाला तरी देऊन टाकू." मीही मान डोलावली. आई खिडकीकडे पाहत राहिली. थोड्या वेळाने म्हणाली, "मागच्या आठवड्यात गुडघा फार दुखत होता तेव्हा मी मावशींवर खेकसले होते. मग मला कुणाला देणार?"

दादा हसला. मला हसू आले नाही. पुढे आई आणखी एक वाक्य बोलली, ते मी अजून विसरलेले नाही. "सांगितलं असतं तर तुम्ही तिला घालवली असतीत. म्हणून नाही सांगितलं."

सत्तावीस वर्षांच्या व्यवसायात मी किती वृद्धांना रागावले असेन! न्हाणीघरात पडलात ते लगेच का सांगितले नाही? चक्कर येत होती ते का लपवले? उत्तर माझ्याच घरात निघाले. पडल्याचे सांगितले तर एकट्याने बाहेर जाणे बंद होईल, विसरल्याचे सांगितले तर गॅसला हात लावू देणार नाहीत, चावल्याचे सांगितले तर मांजर जाईल. दुखण्यापेक्षा आपल्या उपायाचे भय मोठे झाले की माणसे दुखणे झाकतात. सुश्रूषा करणाऱ्या प्रत्येकाने हे मनाशी धरून ठेवावे असे मला वाटते.

मनीला तात्काळ घालवणे वैद्यकीयदृष्ट्याही चुकीचे होते. चावलेले मांजर किंवा कुत्रे दहा दिवस नजरेखाली ठेवावे लागते. या मुदतीत ते धडधाकट राहिले, तर चावताना त्याच्या लाळेत रेबीजचा विषाणू नव्हता असे समजता येते आणि लसीच्या पुढील मात्रांबाबत डॉक्टर त्यानुसार निर्णय घेतात. लस मात्र दहा दिवस थांबून नव्हे, लगेचच सुरू करायची असते. तेव्हा मनीला दहा दिवस मिळाले. आईला घरी आणल्यावर मीही काही दिवस वाईला राहिले आणि ज्या प्राण्याला अकरा वर्षे नुसते पाहिले होते, त्याच्याकडे प्रथमच लक्ष देऊन पाहू लागले.

मांजराची भाषा

मनी माळ्यावर उडी मारत नव्हती. खिडकीत चढण्यापूर्वी ती थांबे, अंदाज घेई, आणि मग स्टुलावरून चढे. कोरडे खाणे ती एका बाजूने चावत होती आणि अर्धे टाकत होती. आईचा हात डोक्यावरून मानेवर येई तोपर्यंत ती घुरघुरत असे. तो कमरेकडे सरकला की घुरघुर थांबे, शेपटीचे टोक झटके घेऊ लागे, कान मागे वळत आणि पाठीची कातडी थरथरे. पूर्वी कधी न चावणारे म्हातारे मांजर अचानक चावू लागले आहे, आणि ते ठरावीक जागी हात लागला की चावते. हाच रुग्ण माणूस असता तर मी पहिल्या मिनिटात विचारले असते, "कुठे दुखते?"

पशुवैद्यांनी तपासले. एक दात किडून हिरडी सुजलेली होती आणि मागच्या पायांचे सांधे झिजलेले होते. निदान ऐकताच आई मला म्हणाली, "तुझ्या पिशवीतली एखादी पॅरासिटामॉल दे की तिला." पशुवैद्यांनी घाईने हात वर केला. माणसासाठी साधी असलेली ही गोळी मांजरासाठी विष आहे. तिच्या एका गोळीनेही मांजर दगावू शकते. घरातील कोणतेही वेदनाशामक मांजराला देऊ नये. मनीचा दात काढला, सांध्यांसाठी तिच्या जातीला चालणारे औषध सुरू झाले.

दुखणे हे चावण्याचे एक कारण; इतरही आहेत. पिल्लू आईपासून व भावंडांपासून फार लवकर तोडले तर खेळताना किती जोराने चावावे हे ते शिकत नाही. काही घरांत माणसेच हाताची बोटे नाचवून पिल्लाला खेळवतात. पिल्लू मोठे झाल्यावर तेच बोट त्याला शिकार वाटते. मांजर ही वाघाची मावशी. पांघरुणाखाली हलणारा पाय तिला उंदरासारखा भासला तर दोष तिचा नव्हे. कोपऱ्यात अडकलेले, भेदरलेले मांजर सुटण्यासाठी चावते. कधी खिडकीबाहेर परका बोका दिसतो, त्याच्यापर्यंत पोचता येत नाही, आणि तो राग जवळून जाणाऱ्या माणसाच्या पोटरीवर निघतो. अशा वेळी तिला समजावायला न जाता दार लोटून शांत होऊ द्यावे. त्याला कधी काही तास लागतात.

शिक्षेने मात्र काहीच साधत नाही. मारले, ओरडले, की मांजर चावणे सोडत नाही. ते आपल्याला भिऊ लागते आणि भ्यालेले मांजर अधिक चावते. आमच्या घरी आम्ही काय केले ते सांगते.

आई आता आपणहून मनीला उचलत नाही. हात पुढे धरते. मनीने येऊन गाल घासला तर डोके, गाल आणि हनुवटी कुरवाळते. पोट आणि शेपटीचे मूळ वर्ज्य. थोडा वेळ कुरवाळून हात थांबवायचा. मनीने पुन्हा डोके पुढे केले तरच पुन्हा सुरू करायचे. शेपटी हलू लागली की हात मांडीवर. काठीला दोरी आणि दोरीला चिंधी बांधून मावशींनी एक खेळणे केले. सकाळी व दिवेलागणीला, म्हणजे मांजराची मुळातच शिकारीची वेळ असते तेव्हा, आई खुर्चीत बसून दहा मिनिटे ते हलवते. शेवटी मनीला ती चिंधी पकडू द्यायची आणि लगेच खाणे द्यायचे. दात लागलेच तर हात हिसडून ओढू नये, त्याने जखम फाटते. हात स्थिर ठेवावा, पकड सुटली की न बोलता उठून जावे. चावले की खेळ संपतो, एवढेच तिला कळले पाहिजे. मनीची वार्षिक लस आणि नखे कापणे आता कॅलेंडरवर लिहिलेले असते.

एक काळजी चाव्यापलीकडची. मांजर पायांत घोटाळते आणि वृद्ध माणूस अडखळून पडतो. म्हणून आईच्या खोलीत रात्री मंद दिवा असतो आणि मनीच्या गळ्यात घंटा आहे. मांजराच्या गळ्यात घंटा कोणी बांधायची, हा प्रश्न आमच्याकडे तरी सुटला, मावशींनी बांधली.

मनी पूर्ण सुधारली असे मी म्हणणार नाही. दिवाळीत घर पाहुण्यांनी भरले तेव्हा ती माझ्या भाच्यावर फिस्कारली आणि कपाटामागे जाऊन बसली. पण आईने सर्वांना बाजूला केले, पाण्याची वाटी जवळ ठेवली आणि दार लोटून घेतले. दात कोणाला लागला नाही.

माझ्यात मात्र एक बदल झाला आहे. परवा दवाखान्यात एक गृहस्थ आपल्या वडिलांना घेऊन आले. स्मृतिभ्रंश झालेले वडील अंघोळ घालताना हल्ली मारायला धावतात, शांत करण्याची गोळी द्या, अशी मागणी होती. मी गोळी लिहिण्यापूर्वी वडिलांचा सदरा काढून उजवा खांदा हळूच उचलून पाहिला. ते कळवळले. खांदा आखडलेला होता, आणि रोज त्याच हाताला धरून त्यांना मोरीत नेले जात होते.

आईचा फोन आता रोज रात्री येतो. साखरेचा आकडा, मग मनीची खबर, आणि शेवटी गुडघा. परवा म्हणाली, "आज मनीने दात लावला गं, रक्त नाही आलं. साबणानं धुतलाय हात, घड्याळ लावून. तुला सांगून ठेवते."

दुसऱ्या दिवशी सकाळी दवाखाना बंद ठेवून मी वाईला गेले आणि हात पाहिला. कातडी शाबूत होती. आईने चहा केला आणि कप उजव्या हाताने पुढे केला.