स्वारी आठवड्याचा बेत आखते

जेवणाचा आठवड्याचा बेत आखणाऱ्या अ‍ॅपशी तुमची ओळख करून द्यायलाच हवी. स्वारी फोनमध्ये राहते आणि उत्साह दांडगा. सोमवार ते रविवार सात खाने मांडून बसते. एकही खाना रिकामा राहिलेला तिला खपत नाही. पदार्थ सांगितला, की त्याचं साहित्य वेगळं काढून, बेरीज करून बाजाराची यादी पुढे ठेवते. स्मरणशक्ती अफाट, डोळे मात्र नाहीत. डब्यात डाळ किती, फ्रीजमध्ये काय उरलंय, हे सांगितल्याशिवाय तिला कळत नाही. तिच्याशी होणारी बहुतेक भांडणं इथूनच सुरू होतात.

कालचा भात पातेलंभर उरला, तरी ती आज नवा भात लावायला सांगते. शिळं तिच्या हिशेबातच नाही. मग ‘उरलंसुरलं’ नावाचा एक पदार्थ, साहित्याचा रकाना कोरा ठेवून, तिच्याकडे नोंदवायचा आणि आठवड्यातून दोन रात्री बसवायचा. खाना भरला म्हणून ती खूश, आणि फोडणीच्या भाताला हक्काची जागा.

घाई हा तिचा मोठा दोष. बुधवारी उसळ म्हटलं, की तिच्या लेखी मटकीची गरज बुधवारीच. मटकी सोमवारी रात्री भिजायला हवी, मंगळवारी फडक्यात बांधायला हवी, हे तिच्या गावीही नसतं. इडलीचं पीठ, दह्याचं विरजण, सगळीकडे हेच. म्हणून ‘मटकी भिजत घालणे’ हाही एक पदार्थच समजून सोमवारच्या खान्यात टाकावा. मटकीचं वजन तिथे लिहावं आणि उसळीच्या साहित्यातून खोडावं, नाहीतर ती मटकी दोनदा आणायला लावते.

मापांच्या बाबतीत स्वारी ताठ. कमलाबाई ओगल्यांनी 1970 साली ‘रुचिरा’ या पाककृतींच्या पुस्तकात वाटी-चमच्याची मापं दिली आणि घराघरांत ती रुजली. ही मात्र बाहेरून पाककृती उचलून आणते ती कपासकट. तो कप साधारण 240 मिलिलिटरचा, आपली आमटीची वाटी त्याहून बरीच लहान. घरातली एक वाटी ठरवावी, तिच्यात डाळ-तांदूळ किती ग्रॅम मावतात ते एकदा काट्यावर पाहावं आणि पुढे स्वारीशी ग्रॅममध्येच बोलावं. ग्रॅमची बेरीज ती चोख करते. चार माणसांची आठ झाली, की साहित्य दुप्पट करते, पण कृतीतलं ‘दोन वाट्या पाणी’ तसंच राहतं. तेव्हा कृतीत आकडा लिहूच नये. मीठ, हिंग, तिखट यांची तिने केलेली दुप्पट मात्र जिभेला विचारूनच घ्यावी.

तिला वार कळतात, तिथी कळत नाही. संकष्टीला दुपारी ती बेधडक कांदाभजी सुचवते. महिन्याच्या सुरुवातीला कालनिर्णय शेजारी घेऊन बसावं आणि उपासाचे खाने सर्वांत आधी भरावेत.

एवढी मनधरणी करण्याजोगं तिच्यात काय आहे? मटकी कधी भिजवायची, उपास कुणाचा, गूळ संपत आलाय का, हे सारं पिढ्यान्‌पिढ्या घरातल्या एकाच बाईच्या डोक्यात असायचं. स्वयंपाकाचे कष्ट दिसायचे, ‘आज काय करू’चे दिसायचे नाहीत. स्वारी तीच यादी घरातल्या सगळ्यांच्या फोनवर उघडते. त्या कष्टांना वाटेकरी मिळतात, आणि ही मला फार मोठी गोष्ट वाटते.

मंडईत नेटवर्क गेलं, की मात्र ती जुनीच यादी धरून बसते आणि नवरा-बायको दोघंही कोथिंबिरीची जुडी घेऊन घरी येतात. निघण्याआधी घरीच यादी ताजी करून घ्यावी, आणि भाजी एकाने, किराणा दुसऱ्याने आणायचा, हे तेव्हाच ठरवून टाकावं.