शेष दिवसांचा हिशेब

अद्भुतरम्य कादंबरीसाठी नवे जग रचणारा लेखक नकाशा काढतो, राजवंशांच्या याद्या करतो, प्रसंगी भाषांची व्याकरणेही जुळवतो. कालगणनेपाशी आला की मात्र बारा महिने, प्रत्येकी तीस दिवस आणि महिन्यांना नादमधुर नावे एवढ्यावर त्याचे बहुधा समाधान होते. असे पंचांग वापरायला सोपे असते, पण ते निर्जीव वाटते, कारण ज्या अडचणीशी झगडत मानवी समाजांनी आपापली पंचांगे घडवली, ती अडचणच त्यात उरलेली नसते. एका अमावास्येपासून पुढच्या अमावास्येपर्यंतचा काळ, म्हणजे चांद्रमास, सरासरी २९.५३ दिवसांचा असतो, ऋतुचक्राचे वर्ष ३६५.२४ दिवसांचे असते, आणि पहिल्या संख्येने दुसरीला नि:शेष भाग जात नाही. बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस होतात व सुमारे ११ दिवस मागे राहतात. काल्पनिक पंचांगाची खरी कारागिरी या शेषातच आहे.

हिजरी कालगणनेने हा शेष तसाच सोडून दिला, त्यामुळे तिचे महिने सुमारे ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंमधून फिरून येतात. भारतीय चांद्र-सौर पंचांगाने तो साठवला: ज्या चांद्रमासात सूर्य एका राशीतून दुसरीत जात नाही, म्हणजेच संक्रांत होत नाही, तो अधिक मास, आणि असा महिना सरासरी साडेबत्तीस महिन्यांनी येतो. मंगलकार्याला वर्ज्य म्हणून त्याला मलमास म्हटले गेले, मग पुराणांनी विष्णूचे नाव देऊन त्याचा पुरुषोत्तम मास केला, आणि महाराष्ट्रात तो धोंड्याचा महिना होऊन जावयाच्या ताटात अनारसे वाढू लागला. (लग्नाला न चालणारा महिना जावयाला मात्र चांगलाच लाभतो, ही गंमत कोणा ज्योतिष्याच्या डोक्यातून निघालेली नसावी.) गणितातली फट भरण्यासाठी घातलेला महिना स्वयंपाकघरापर्यंत असा पोचतो, आणि काल्पनिक जगाच्या रचनाकाराने उचलायची गोष्ट हीच आहे.

एक नमुना मांडून पाहता येईल. समजा, एका जगाचे वर्ष ३१०.४ दिवसांचे आहे, चांद्रमास २३.६ दिवसांचा आहे आणि दिवस आपल्यासारखाच २४ तासांचा आहे. पाच चांद्रमासांचे बरोबर ११८ दिवस होतात, तेव्हा तीन महिने २४ दिवसांचे आणि दोन २३ दिवसांचे धरले की महिन्यांची घडी बसते. तेरा महिन्यांचे ३०६.८ दिवस होऊन वर्षाला ३.६ दिवस उरतात, म्हणजे साधारण साडेसहा वर्षांनी एक जादा महिना घालावा लागतो. तेरा वर्षांत दोन जादा महिने घातले, तर १७१ महिन्यांचे ४०३५.६ दिवस भरतात आणि तेरा वर्षांचे ४०३५.२, आपल्याकडे १९ वर्षांत २३५ चांद्रमास जवळजवळ तंतोतंत बसतात, त्याच जातीचे हे चक्र आहे. अशा जगात माणसाच्या आयुष्यात जादा महिना मोजक्याच वेळा येतो. तो सरावाचा होत नाही, आणि त्याच्याभोवती भीती, सूट, माफी किंवा उन्माद यांपैकी काहीतरी जमल्यावाचून राहत नाही. त्या महिन्याचे घरभाडे घ्यायचे का, कर्जावर व्याज चढते का, त्यात जन्मलेल्या मुलाचा वाढदिवस कधी करायचा, या प्रश्नांची उत्तरे ठरवली की निम्मा समाज आपोआप उभा राहतो.

आकडे निवडताना आभाळाचे भान सुटता कामा नये. ग्रह पृथ्वीइतका आणि चंद्र आपल्या चंद्राइतक्याच वस्तुमानाचा मानला, तर वरच्या नमुन्यातला चंद्र ग्रहाच्या जास्त जवळून फिरेल आणि त्याच्यामुळे येणारी भरती आपल्या दीडपटीहून किंचित जास्त चढेल. आपला चंद्र रोज सरासरी ५० मिनिटे उशिरा उगवतो, तो एक तासाहून थोडा अधिक उशीर करील, आणि भरतीच्या वेळाही त्याच हिशेबाने पुढे सरकतील. कोकणातल्या कोळ्याला पौर्णिमा-अमावास्येचे उधाण आणि अष्टमीच्या सुमाराची भांगाची भरती पंचांग न उघडता कळते. काल्पनिक बंदरातल्या नावाड्यालाही ते कळलेच पाहिजे. मध्यरात्री माथ्यावर चंद्रकोर दाखवणारी कादंबरी आभाळ ओळखणाऱ्या वाचकाच्या हातून तिथेच खाली पडते. टॉल्किन यांनी १९४४ साली एका पत्रात आपल्या कथेतले चंद्र अशक्य वागत असल्याची तक्रार केली आणि प्रकरणे दुरुस्त केली, ते याच धाकापोटी.

चंद्रांची संख्या वाढवून पंचांग समृद्ध होते, हा समज मात्र फारसा खरा नाही. ड्रॅगनलान्सच्या क्रिन या जगात तीन चंद्र ३६, २८ आणि ८ दिवसांचे आहेत आणि ५०४ दिवसांनी तिघांचे चक्र पुन्हा जुळते. खेळाच्या पटावर हे सोयीचे आहे, पण पूर्णांकांत शेष उरत नाही आणि शेष नसला की वाद उरत नाही. त्यातून तिसरा, काळा चंद्र केवळ काळ्या जादूच्या उपासकांनाच दिसतो, म्हणजे सामान्य शेतकऱ्याच्या पंचांगातून तो वजाच झाला.

वादाचे मूळ नेहमी एकाच ठिकाणी असते: जादा महिना केव्हा घालायचा हे कोणी ठरवायचे. रोममध्ये तो अधिकार पुरोहितमंडळाकडे होता, आणि मित्रांचा कार्यकाळ लांबवण्यासाठी व विरोधकांचा आखडण्यासाठी तो वापरला जाई. अखेरीस ढळलेले पंचांग ऋतूंशी जुळवण्यासाठी ज्युलियस सीझरला इसवी सनपूर्व ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचे करावे लागले. महाराष्ट्रात टिळक पंचांग मानणाऱ्या कुटुंबांचा गणपती काही वर्षी इतरांच्या महिनाभर आधी बसतो, कारण राशिचक्राचा आरंभबिंदू वेगळा धरल्याने संक्रांतीचे दिवस सरकतात आणि अधिक मास निराळा ठरतो. टॉल्किन यांच्या ‘हॉबिट’मध्ये तर ही विद्याच हरवलेली आहे: ड्यूरिनचा दिवस केव्हा येणार हे गणिताने सांगणे बुटक्यांना आता जमत नाही, आणि कथेचे कुलूप त्याच दिवशी उघडते.

नमुन्यातल्या चक्रातही अशी जागा आहे. तेरा वर्षांमागे ०.४ दिवस जास्त मोजला जातो, त्यामुळे ३२५ वर्षांनी पेरणीचा सण पेरणीचा हंगाम लागल्यावर दहा दिवसांनी येतो. मठ जुन्या कोष्टकाला चिकटून राहील, खेडी आभाळाकडे पाहून सण आधीच उरकतील, आणि कथानक या चक्राच्या कोणत्या वर्षी सुरू होते हे लेखकाने आधीच ठरवलेले नसेल, तर जकातनाक्यावरच्या कारकुनाला सुट्टी नेमकी कोणत्या दिवशी द्यायची, एवढेही त्याला सांगता येणार नाही.