लॉइडसाहेबांवर लिहिताना

बेलापूर, ता. श्रीरामपूर

चि. शुभांगीस,


नाशिकच्या पहिल्या बिशपांवर लिहायला घेतलंस, हे वाचून बरं वाटलं. फिलिप हेन्री लॉइड यांची सनावळी तुला मिळालीच असेल. जन्म १८८४, शिक्षण ईटन आणि केंब्रिजला, मग एस.पी.जी. या अँग्लिकन मिशनतर्फे आपल्या नगर जिल्ह्यात. १९२५ साली मुंबईचे सहायक बिशप, १९२९ साली नाशिकचे, १९४४ साली इंग्लंडात सेंट ऑल्बन्सचे. १९५२ साली वारले. पण एवढ्यावरच थांबलीस तर ते चरित्र न होता बढत्यांचा तक्ता होईल.

तू सुरुवात मिरीपासून कर. पाथर्डी तालुक्यातलं हे कोरडवाहू गाव. ईटनमध्ये शिकलेला माणूस इथं आला आणि त्याची मंडळी होती महारवाड्या-मांगवाड्यातली. अमेरिकन मिशन नगरला १८३१पासून होतंच, एस.पी.जी.चं काम इकडं वाढलं ते १८७०च्या दशकात, मोठ्या दुष्काळाच्या सुमारास. बिशप यायचे, दृढीकरणाचा विधी करून पुढच्या गावाला जायचे. एरवी मुलांना बाराखडी शिकवणारे आणि रविवारी उपासना चालवणारे आपले मास्तरच. त्यांना लेखात जागा दे.

मग तो काळ उभा कर. १९२६ साली भंडारदऱ्याचं धरण पुरं झालं. प्रवरेच्या कालव्यांवर ऊस आला, हरेगावात बेलापूर कंपनीची साखर निघू लागली. १ मार्च १९३० रोजी हिंदुस्थानातली अँग्लिकन मंडळी इंग्लंडच्या सरकारी चर्चपासून कायद्यानं वेगळी झाली. दुसऱ्याच दिवशी नाशकात काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. १९३५ साली बाबासाहेबांनी येवल्यात धर्मांतराची घोषणा केली आणि १९३९ साली ते हरेगावला वतनदार महार-मांगांच्या परिषदेत बोलले. हे सगळं लॉइडसाहेबांच्याच कारकिर्दीत आणि त्यांच्याच मुलखात घडलं. मिशननं ज्यांना शाळा दिली, त्यांचेच भाऊबंद माणुसकीचा हक्क मागायला स्वतःच्या पायांवर उभे राहिले होते. १९५६ साली त्यांतल्या अनेकांनी बुद्धाची वाट धरली, ख्रिस्ताची नव्हे. बिशपांचं चरित्र लिहिताना हे टाळता येणार नाही.

आणखी एक. वेदनायकम अझरिया १९१२ सालीच दोर्नाकलचे बिशप झाले होते. देशी माणूस हे पद पेलतो, हे तेव्हाच दिसलं होतं. तरी सतरा वर्षांनी नाशिकचा धर्मप्रांत नव्यानं निघाला, तेव्हा इंग्रजच नेमला गेला. हा दोष एकट्या लॉइडसाहेबांचा नव्हे, त्या व्यवस्थेचा. पण आदरापोटी तो झाकू नकोस. माझं मत विचारशील तर, नगर-नाशकात त्यांनी घालवलेली वर्षं सेंट ऑल्बन्सच्या मानाहून मोठी आहेत.

१९७० साली नागपूरला उत्तर भारताची मंडळी स्थापन झाली आणि एस.पी.जी. व अमेरिकन मिशनच्या मंडळ्या एका छत्राखाली आल्या. पण गावोगावची बाप्तिस्म्याची आणि लग्नाची जुनी रजिस्टरं देवळांच्या कपाटांत पडून आहेत. मास्तरांची नावं सापडली तर तिथंच सापडतील. पाळकसाहेबांची रीतसर परवानगी घे आणि वाळवी लागण्याआधी पानन्‌पान उतरवून काढ. लेख त्यानंतर लिही.

तुझा,
मामा