भिंतीचा चुना

परवा हातोदला आमच्या शाळेच्या तपासणीची वार्ता आली आणि आम्ही, मुख्याध्यापक असूनही, प्रथम भिंतींना चुना लावविला. मुलांच्या वाचनाची चौकशी मागाहून केली! तेव्हा पु. ल. देशपांडे यांचा ‘अंमलदार’ स्मरला. निकोलाय गोगोलचे १८३६ साली रंगभूमीवर आलेले रशियन विनोदी नाटक पु. लं.नी मराठी संस्थानात आणून वसविले. १९५३ साली ते चित्रपटरूपानेही आले. भाषा पालटली, वेष पालटला, रंगमंच जाऊन रुपेरी पडदा आला. वरिष्ठाच्या भयाने उडणारी तारांबळ मात्र तीच राहिली. रूपांतराचे मर्म हेच. होळकरी अंमल पाहिलेल्या आमच्या गावाला ती परकी कशी वाटावी?

गोगोलच्या नाटकाअखेर खरा तपासनीस येतो. आमचा तर वर्गातच बसला होता. पाठ अडखळत वाचीत होता.