वेम्बलीत लाव्ह्यांचं बिऱ्हाड

वेम्बली म्हटलं की आपल्या लोकांच्या डोळ्यांपुढे एक तर स्टेडियमची ती १३३ मीटर उंच कमान येते, नाहीतर ईलिंग रोडवरची दुकानं. भारतातून पाहुणे आले की त्यांनाही आपण हेच दाखवतो. कमानीसमोर फोटो, मग ईलिंग रोडवर मेथीची जुडी, तोंडली, शेवग्याच्या शेंगा, की झाली वेम्बली! पण मंडळी, पुढच्या खेपेला जरा वाट वाकडी करा. वेम्बली पार्क स्टेशनातून बाहेर पडल्यावर स्टेडियमकडे पाठ करा आणि बार्न हिलच्या टेकडीवर जा. चढ आहे, पण दम खात खात आजीआजोबांनाही जमेल असा.

टेकडीच्या माथ्यावर तळं आहे. इथल्या झाडीची आखणी हम्फ्री रेप्टन या नावाजलेल्या उद्यानरचनाकाराने १७९० च्या दशकात केली. पलीकडे उत्तरेला उतरलं की फ्रायंट वे या रस्त्याच्या दोन्ही अंगांना कुरणं आणि जुनी झाडझुडपांची कुंपणं लागतात. हा फ्रायंट कंट्री पार्क, सुमारे १०० हेक्टरांचा. उन्हाळ्यात इथे अजूनही गवत कापतात. एकोणिसाव्या शतकात हा सगळा मुलूख लंडनच्या घोड्यांसाठी गवत पिकवायचा. मग मोटारी आल्या, घोडे गेले. रेल्वेने माणसं आणली आणि १९२०-३० च्या दशकांत त्या शेतांवर जोडघरांच्या रांगा उभ्या राहिल्या. आज आपल्यापैकी कितीतरी जण त्याच घरांत राहतात. म्हणजे आपल्या मागच्या लॉनखाली कुणाचं तरी शेत आहे!

शेत म्हटलं की मराठी माणसाचा हात शिवशिवतो. कोथिंबीर-पुदिना तर सगळेच लावतात. नोकरी संपली, मुलं आपापल्या मार्गाला लागली, की पुष्कळांना काहीतरी जितंजागतं पाळावंसं वाटतं. कोंबड्यांना जागा फार लागते, आणि त्या भाजीचे वाफे उकरून ठेवतात ते वेगळंच. अशा घरांसाठी एक छोटा पक्षी आहे : लाव्हा. बाजारात त्याला बटेर म्हणतात, इथे क्वेल. पाळतात तो जपानी लाव्हा. १९७४ साली तो अमेरिकेतून भारतात इज्जतनगरच्या संशोधन केंद्रात आला आणि तिथून हळूहळू महाराष्ट्रातल्या शेतकऱ्यांकडेही पोचला. वजन जेमतेम दीड-दोनशे ग्रॅम. सहा ते आठ आठवड्यांत मादी अंडी घालू लागते. अंडं दहा-बारा ग्रॅमचं, ठिपक्याठिपक्यांचं. पाच अंडी म्हणजे कोंबडीचं एक, असा हिशेब धरा.

प्रश्न येतो तो घराचा. दुकानातली तयार खुराडी दिसायला गोजिरवाणी, पण महाग असतात आणि बहुतेक सशांसाठी नाहीतर कोंबड्यांसाठी बनवलेली. लाव्ह्याचं खुराडं घरी, कमी खर्चात आणि जास्त चांगलं होतं. मात्र त्यासाठी आधी दोन गोष्टी समजून घ्याव्या लागतात : लाव्हा कशाला भितो, आणि वेम्बलीची जमीन कशी आहे.

ज्यांनी लहानपणी देशावरच्या माळरानात पाय तुडवले आहेत त्यांना आठवत असेल. गवतातून चालताना अगदी पावलापाशी येईपर्यंत लाव्हा दडून राहतो आणि मग एकदम भुर्रकन सरळ वर उडतो. आपलंच काळीज लक्कन हलतं. पाळलेल्या जपानी लाव्ह्याची ही खोड गेलेली नाही. मांजर दिसलं, फटाका वाजला, की तो बाणासारखा वर उसळतो आणि छत कठीण असेल तर डोकं आपटून मान मोडून मरतो. म्हणून छत एक तर फुटाभराच्या आत हवं, म्हणजे उडीला वेगच मिळत नाही. नाहीतर चांगलं माणसाच्या डोक्यावर हवं आणि तेही मऊ जाळ्याचं. मधलं, दोन-तीन फुटांचं छत सगळ्यांत वाईट. आणि दिवाळीत, गाय फॉक्सच्या रात्री वेम्बलीचं आकाश कसं दणाणतं ते मी तुम्हाला सांगायला नको.

दुसरी गोष्ट. कोंबडी तिन्हीसांजेला आपणहून घरी परतते. गावाकडे नुसतं डालगं झाकलं की काम झालं. लाव्हा घरी परतत नाही. माडीवर चढून बसायची त्याची सवय नाही, तो जमिनीवरच निजतो. एकदा दार उघडं राहिलं की गेलाच. म्हणून त्याचं घर चोवीस तास बंदिस्त हवं आणि दार असं, की हात आत जाईल पण पक्षी बाहेर येणार नाही.

आता जमीन. वेम्बलीत पावसाळी दिवसात फावडं मारलेलं असेल तर 'लंडन क्ले' म्हणजे काय ते माहीतच असेल. चिकट, पिवळट माती. पाणी मुरतच नाही. हिवाळ्यात लॉनवर पाऊल टाकलं की चिखल. लाव्ह्याला कोरडी थंडी सोसते, ओल सोसत नाही. म्हणून खुराडं जमिनीवर ठेवायचं नाही, पायांवर उभं करायचं, आणि पायांखाली फरशीचे चार तुकडे टाकायचे, नाहीतर पाय कुजतात आणि खुराडं एका अंगाला कलतं.

शिवाय इथला कोल्हा! १९३० च्या सुमारास लंडनची ही उपनगरं पसरली आणि त्यांच्या मोठमोठ्या परसांत कोल्हे येऊन राहिले. बिन उलटीपालटी करून जातो तो हाच. ऋग्वेदात अश्विनीकुमारांची थोरवी सांगताना, त्यांनी लांडग्याच्या तोंडातून वर्तिकेला सोडवलं, असा उल्लेख पुन्हापुन्हा येतो. वर्तिका म्हणजे लाव्हीच. वेम्बलीत अश्विनीकुमार येतील या भरवशावर राहता येत नाही, म्हणून जाळी चांगली घ्यावी. षटकोनी भोकांची 'चिकन वायर' कोल्हा दातांनी फाडतो आणि तिच्यातून लहान उंदीर सहज आत शिरतात. लागते ती वेल्ड केलेली, जस्त चढवलेली, अर्ध्या इंचाच्या म्हणजे १३ मिलिमीटरच्या चौकोनांची जाळी. काटकसर लाकडात करा, जाळीत नको. या लेखातलं एकच वाक्य लक्षात ठेवायचं असेल तर हे ठेवा.

आता प्रत्यक्ष बांधणी. सहा पक्ष्यांसाठी सहा फूट लांब, अडीच फूट रुंद पेटी पुष्कळ झाली. दर पक्ष्याला निदान एक चौरस फूट असा हौशी लोकांचा हिशेब असतो. इथे प्रत्येकाला अडीच मिळतात. पुढची उंची ३० सेंटिमीटर, मागची २५, म्हणजे पाणी मागे ओघळेल. लाकूड फुकट मिळू शकतं. स्टेडियमच्या आसपास कित्येक वर्षं इमारतींची कामं चालली आहेत, आणि जिथे काम तिथे पॅलेट. विचारून घ्या, न विचारता उचलू नका. पॅलेटवर 'एचटी' असा शिक्का असेल तर ते उष्णता देऊन निर्जंतुक केलेलं, ते चालतं. 'एमबी' असेल तर विषारी वायूची धुरी दिलेलं, ते पक्ष्यांच्या घराला नको. जुन्या कपाटाची फळकुटंही मागच्या भिंतीला चालतात.

तळ प्लायवूडचा, सलग. तारेच्या तळावर पाय दुखावतात. त्या तळाला खालून पूर्ण जाळी ठोकायची, कारण लाकूड उंदीर कुरतडतो. मागची बाजू आणि डावी-उजवी बाजू लाकडी. पुढे दोन तृतीयांश जाळी आणि उरलेला एक तृतीयांश बंद कोनाडा, जिथे वारा लागत नाही. दोन्ही कडेच्या भिंतींत वरच्या बाजूला हवेसाठी छोटी भोकं, त्यांवरही जाळी. ९० सेंटिमीटर रुंदीची जाळी तीन मीटर घेतली की एवढं सगळं भागतं. छप्पर म्हणजे वरून उचलता येणारं झाकण : प्लायवूडवर पन्हळी पत्रा किंवा फेल्ट, आणि आतून जुन्या चादरीचं ताणलेलं कापड, म्हणजे डोकं आपटलं तरी मऊ लागेल. झाकण अर्धं-अर्धं दोन भागांत करा. एक भाग उघडून अंडी काढताना पक्षी दुसऱ्या भागात जातात. बिजागऱ्या भक्कम आणि दोन कड्या हव्यात, कारण कोल्ह्याला नुसती खिट्टी ढकलता येते. इथला वारा बहुतेक नैर्ऋत्येकडून येतो, म्हणून जाळीचं तोंड आग्नेयेला ठेवा. सकाळचं ऊनही मिळतं.

आत भुशाची गादी. आपल्याकडे कुक्कुटपालनवाले 'गादी पद्धत' म्हणतात तीच. एका कोपऱ्यात कोरडी वाळू आणि थोडी लाकडाची राख एका ट्रेमध्ये. लाव्हे त्यात लोळून धूळस्नान करतात आणि पिसांतल्या उवा जातात. ते बघत बसणं हा टीव्हीपेक्षा बरा कार्यक्रम आहे. पिल्लं असतील तर पाण्याच्या ताटलीत मुलांच्या काचेच्या गोट्या टाका, नाहीतर एवढ्याशा पाण्यातही ती बुडतात.

खाण्याच्या बाबतीत आपल्या घरांत हमखास चूक होण्यासारखी जागा आहे. उरलेला भात, पोळीचा चुरा पक्ष्यांना घालणं आपल्याला पुण्याचं वाटतं. इथे स्वयंपाकघरातून आलेली कुठलीही गोष्ट कोंबड्यांना किंवा लाव्ह्यांना घालणं कायद्याने बंद आहे, मग ते पक्षी हौसेचे का असेनात. २००१ च्या जनावरांच्या तोंडखुरीच्या साथीनंतर हे नियम कडक झाले. सूट आहे ती दूधतूपही घरात न आणणाऱ्यांना. म्हणजे नुसतं शाकाहारी असून भागत नाही. फ्रिजमध्ये दही असलं की संपलं. बागेतून थेट तोडलेला पालक मात्र चालतो.

परवानग्यांचंही थोडक्यात सांगतो. स्वतःचं घर असेल तर मागच्या परसातल्या छोट्या खुराड्याला साधारणपणे वेगळी बांधकाम परवानगी लागत नाही. फ्लॅट असेल, भाड्याचं घर असेल, तर करार वाचावा, मालकाला विचारावं. कौन्सिलची अलॉटमेंट असेल तर १९५० च्या अलॉटमेंट कायद्याने कोंबड्या आणि ससे ठेवायचा हक्क दिला आहे, कोंबडा नाही आणि धंद्यासाठी नाही. त्यात लाव्ह्याचं नावच नाही, म्हणून आधी विचारून घ्यावं. आणि १ ऑक्टोबर २०२४ पासून इंग्लंडमध्ये असा एक पक्षी पाळला तरी सरकारी नोंदणी सक्तीची आहे. बर्ड फ्लूमुळे. नोव्हेंबर २०२२ ते एप्रिल २०२३ या काळात तर सगळ्या पाळीव पक्ष्यांना आत कोंडून ठेवायचा हुकूम होता. वर सांगितलेलं खुराडं पक्क्या छपराचं आणि बारीक जाळीचं आहे, त्यामुळे असा हुकूम पुन्हा निघाला तरी धावपळ होत नाही.

हिवाळ्यात अंडी थांबली तर घाबरू नका. मादीला अंडी घालायला रोज चौदा-सोळा तास उजेड लागतो. पुण्यात डिसेंबरातला दिवस अकरा तासांचा असतो. वेम्बलीत आठही भरत नाहीत. दिवा लावून अंडी मिळवता येतात, पण लाव्ह्याचं आयुष्यच दोन-तीन वर्षांचं. त्यातला हिवाळा तिला विसाव्याला द्यावा, असं मला वाटतं.

आता जी गोष्ट मला सगळ्यांत महत्त्वाची वाटते ती शेवटी सांगतो. नातवंडं आली की हट्ट होणार : "आजोबा, अंडी उबवू या!" उबवणयंत्र मिळतं, सतरा-अठरा दिवसांत पिल्लं बाहेर येतात, अंगठ्याएवढी, भुंग्यासारखी. पोरं हरखून जातात. पण निम्मी पिल्लं नर निघतात. तीन आठवड्यांनी छातीवर ठिपके न उमटता सगळा तांबूस रंग चढला की समजावं नर. एका घरात जास्त नर झाले की ते एकमेकांना आणि माद्यांना टोचून रक्तबंबाळ करतात. मग त्यांचं करायचं काय? खायचे, असं एक उत्तर आहे आणि ज्यांना चालतं त्यांनी ते संकोच न करता द्यावं. ज्यांना चालत नाही, ते म्हणतात, "फ्रायंटच्या कुरणात सोडून देऊ, बिचारे सुखाने राहतील." मंडळी, हे करू नका. इथला मूळचा नसलेला पक्षी मोकळा सोडणं १९८१ च्या वन्यजीव कायद्याने गुन्हा आहे. आणि कायदा बाजूला ठेवला, तरी पिंजऱ्यात वाढलेला लाव्हा त्या कुरणात एक रात्रही काढणार नाही. ते पुण्य कोल्ह्याच्या पदरी पडतं.

म्हणून ज्यांच्या घरी मांस शिजत नाही त्यांनी अंडी उबवूच नयेत. ओळखीच्या पाळणाऱ्याकडून वयात आलेल्या सहा माद्या घ्याव्यात. नर नसला तरी त्या अंडी घालतातच. अर्थात त्या माद्यांचे भाऊ कुठेतरी जन्मले होते आणि त्यांचा निकाल कुणीतरी लावला होता, हे विसरू नये. नातवंडांनी विचारलं तर तेही सांगावं. ईलिंग रोडवर अंडी न खाणारे शेजारी आहेत, अंडी खाणारे आहेत, सगळं खाणारेही आहेत. आपण कुठे बसतो ते खुराड्याचा पहिला खिळा ठोकायच्या आधी ठरवलेलं बरं, कारण पिल्लं बाहेर आल्यावर ठरवायला वेळ उरत नाही.

एवढं ठरलं की मार्चअखेर कामाला लागा. दिवस मोठे होत असतात, माती थोडी वाळलेली असते. दोन शनिवार-रविवारांत खुराडं उभं राहतं. जाळीच्या कापलेल्या टोकांना हात लागू देऊ नका, जाड हातमोजे घाला, आणि जाळी कापायची कात्री शेजाऱ्याकडे असेल तर मागून आणा. त्या निमित्ताने शेजाऱ्याला आधी कल्पना दिल्यासारखंही होतं. पहिली डझनभर अंडी त्याच्या घरी, अर्थात तो खात असेल तर!